झोपेत श्वास चढतो, ओसरतो, थांबतो: मोजायचा कसा आणि पेशंटला हॉस्पिटलात न्यायचं कधी?

खाडीपल्याड

नमस्कार मंडळी. गुहागर तालुक्यात घरी जाऊन रुग्णसेवा करणाऱ्यांच्या वतीने विचारते आहे. प्रश्न एका आजोबांचा, पण उत्तर वाडीतल्या बऱ्याच घरांना लागेल.

आजोबा ७६ वर्षांचे. आधी हार्ट अटॅक येऊन गेलेला, शेवटच्या इकोत ईएफ (हृदय दर ठोक्याला किती टक्के रक्त बाहेर ढकलतं तो आकडा) ३०. गोळ्या: टॉरसेमाइड (लघवीवाटे पाणी काढणारी), बीटा ब्लॉकर, डापाग्लिफ्लोझिन (मधुमेहाची आणि हृदयाची), रक्त पातळ करणारी. मधुमेह आहे, इन्सुलिन नाही. गेल्या काही रात्री घरच्यांना दिसतंय ते असं: झोपेत श्वास हळूहळू मोठा होत जातो, मग तसाच बारीक होत होत पूर्ण थांबतो. घड्याळ लावून पाहिलं. थांबणं १५ ते २० सेकंदांचं, एक पूर्ण फेरा साधारण ७० सेकंदांचा. घोरणं नाही. जागेपणी मिनिटाला १८ ते २० श्वास, ऑक्सिमीटरवर ९५-९६. झोपेत थांबल्यावर आकडा ८८ पर्यंत उतरतो, पुन्हा चढतो. आजी घाबरतात आणि प्रत्येक वेळी त्यांना हलवून उठवतात, त्यामुळे दोघांचीही झोप उडाली आहे.

हे नक्की काय? उठवायचं की नाही? आणि दुसरं म्हणजे, आमच्याकडून मोठं हॉस्पिटल दीड-दोन तासांवर. श्वासाची कोणती तऱ्हा दिसली की सकाळची वाट न बघता निघायचं, हे घरच्यांना सांगता येईल अशा भाषेत हवं आहे. शेजारच्या घरात कोविडच्या वेळचं ऑक्सिजनचं मशीन पडून आहे, ते लावावं असा सल्ला सगळेच देतायत.

शहाळं

ताई, फेरा मोजलात हे फार चांगलं केलंत. बहुतेक लोक "श्वास थांबतो" एवढंच सांगतात आणि मग फोनवर काहीच कळत नाही.

हा चेन-स्टोक्स श्वास. १८१८ मध्ये जॉन चेन आणि १८५४ मध्ये विल्यम स्टोक्स, दोघेही डब्लिनमध्ये काम करणारे डॉक्टर, यांनी तो लिहून ठेवला. मेंदूतलं श्वासाचं केंद्र मुख्यतः रक्तातल्या कार्बन डायऑक्साइडकडे बघून श्वास कमी-जास्त करतं. हृदय धड असेल तर फुप्फुसातून निघालेलं रक्त काही सेकंदांत तिथे पोचतं. ईएफ ३० असताना ते रेंगाळत जातं, म्हणजे केंद्राला कळतं ती शिळी बातमी. वायू वाढलाय असं कळलं की ते जोरात श्वास घ्यायला लावतं. वायू उतरल्याचं कळेपर्यंत गरजेपेक्षा जास्त बाहेर फेकला गेलेला असतो. मग ते श्वास बंदच ठेवतं, पुन्हा साठेपर्यंत. रक्त जितकं मंद फिरतं तितका फेरा लांब. ४५ ते ९० सेकंदांचा फेरा असला की संशय हृदयावर. उंच डोंगरावर गेल्यावर निरोगी माणसालाही झोपेत असा श्वास लागतो, पण तिथे फेरा बराच आखूड असतो.

घोरण्यातला श्वास अडकणं वेगळं. तिथे घसा मिटलेला असतो, पण छाती आणि पोट हवा ओढायला झगडत असतात. छाती आत, पोट बाहेर अशी उलटसुलट हालचाल दिसते आणि शेवटी मोठा घुर्र करून श्वास सुटतो. चेन-स्टोक्समध्ये थांबलेल्या वेळात छाती-पोट दोन्ही निश्चल. बेंबीच्या वर अलगद हात ठेवून बघा, संशय राहत नाही. काही जणांना दोन्ही प्रकार एकत्र असतात, तेव्हा झोपेची तपासणीच करावी लागते.

आजींना सांगा, उठवू नका. श्वास आपोआप सुरू होतोच. असे पेशंट थांबल्यावर जागे होत नाहीत, श्वास सगळ्यात मोठा झाल्यावर जागे होतात आणि "धाप लागून जाग आली" म्हणतात. प्रत्येक फेऱ्याला उठवलं तर झोप तुटते, बी.पी. आणि नाडी चढते, म्हणजे आजारी हृदयाला रात्रभर राबवल्यासारखं होतं.

आता महत्त्वाचं. ही तऱ्हा नव्याने सुरू झाली असेल तर फुप्फुसात पाणी साचू लागलंय असं धरून चाला. उद्या सकाळी लघवी झाल्यावर, काही खाण्याआधी वजन करा, रोज त्याच काट्यावर, तशाच कपड्यांत. तीन दिवसांत २ किलो वाढलं तर ते पाणीच, अंगावर चढलेलं मांस नव्हे. नडगीच्या हाडावर अंगठा दहा सेकंद दाबून धरा, खड्डा राहतो का बघा. पूर्वी एक उशी लागायची, आता तीन लागतात का? झोपल्यावर तास-दोन तासांनी खोकला येऊन उठून बसतात का? हे तिन्ही-चारही प्रश्न कार्डिऑलॉजिस्ट फोनवर पहिल्यांदा विचारणार.

मग पाणी का वाढलं, ते शोधा. आपल्याकडे दोन कारणं वारंवार सापडतात. मीठ, तेही ताटातलं नव्हे. वरून मीठ घेत नाही असं सांगणारा माणूस दुपारी खाऱ्या बांगड्याची तुकडी आणि आगळाची सोलकढी घेत असतो. आगळात मीठ भरपूर असतं, सुकट, लोणचं, पापड वेगळेच. दिवसाचं एकूण मीठ ५ ग्रॅमच्या आत, म्हणजे सपाट एक चहाचा चमचा, आणि त्यात हे सगळं आलं. दुसरं कारण गुडघेदुखीच्या गोळ्या. डायक्लोफेनॅक, आयबुप्रोफेन या जातीची औषधं मीठ-पाणी अंगात धरून ठेवतात आणि टॉरसेमाइडला निकामी करतात.

खाटेची उशाकडची बाजू उंच करा. सहा-सात इंच उंची मिळाली पाहिजे. पायांखाली जांभ्याचा एकेक चिरा आडवा ठेवला तरी भागतं, फक्त हलता कामा नये. नुसत्या उशा रचल्या तर मान दुमडते आणि छाती सपाटच राहते.

एक-दोन दिवसांत डॉक्टरांना दाखवायचंच. पण दिवसा जागेपणीही हीच लय दिसू लागली, आडवं होताच येत नाही, जागेपणी श्वास २५ किंवा जास्त, जागेपणीच ऑक्सिमीटर ९२ च्या खाली, छातीत दुखतंय, नवीन भ्रम झालाय, किंवा खोकल्यातून गुलाबी फेस येतोय, यातलं एक जरी असलं तर रात्रीच निघा.

बिब्बा

वरच्यात भर. "झोप लागत नाही" म्हणून अल्प्राझोलाम चालू केलंय का ते बघा. आणि कोडीनवालं खोकल्याचं औषध, दुखण्यावरचं ट्रामाडॉल. ही तिन्ही श्वासाचं केंद्र आणखी सुस्त करतात. औषधांचा डबा उघडून प्रत्येक पाकीट बघा, यादीवर विश्वास ठेवू नका. मुंबईहून आलेल्या पाहुण्याने ठेवून गेलेली पाकिटं त्यातच असतात.

ऑक्सिमीटरचं म्हणाल तर थंड बोट, नेलपॉलिश, हलणारा हात, कमी बी.पी. यांत आकडा भलता येतो. बोट चोळून गरम करा, हात छातीच्या पातळीला टेकवा, अर्धा-एक मिनिट थांबून स्थिर झालेला आकडा घ्या.

रातांबा

आजोबा मधुमेही आहेत आणि डापाग्लिफ्लोझिन घेतात, म्हणून श्वासाची दुसरी एक तऱ्हा घरच्यांना माहीत हवी. ऑक्सिमीटर तिथे हमखास फसवतो.

कुसमाउल श्वास. १८७४ साली जर्मन डॉक्टर आडोल्फ कुसमाउल यांनी मधुमेहाच्या बेशुद्ध पेशंटमध्ये टिपलेला. श्वास खोल, जलद, एका लयीत, मध्ये खंड नाही. पेशंट नुकताच चढण चढून आल्यासारखा श्वास घेत असतो, पण गेले कित्येक तास तो पलंगावरच असतो. शिटी नाही, घरघर नाही, स्टेथोस्कोप लावला तर छाती स्वच्छ. ऑक्सिमीटर ९८-९९. हे बघून "फुप्फुस चांगलं आहे, टेन्शन घेतलंय" असं म्हणून पेशंट परत पाठवले जातात. फुप्फुस चांगलं असतंच. रक्त आंबट झालेलं असतं आणि शरीर कार्बन डायऑक्साइड बाहेर फेकून ते सावरायला बघत असतं.

इन्सुलिन बंद पडलं, कमी पडलं किंवा अंगात जंतुसंसर्ग झाला की शरीर चरबी जाळतं आणि कीटोन साठतात. जोडीला तहान, वारंवार लघवी, पोटात दुखणं, उलट्या. तोंडाला नेलपॉलिश काढायच्या द्रवासारखा किंवा अति पिकलेल्या फळासारखा वास येतो, पण हा वास प्रत्येकाच्या नाकाला कळत नाही, म्हणून वास नाही यावर विसंबू नका. साखर सहसा २५० च्या वर असते. डापाग्लिफ्लोझिन आणि त्याच्या भाऊबंद गोळ्यांवर मात्र साखर २०० च्या आत असतानाही हेच होऊ शकतं. ग्लुकोमीटरवर १८० बघून घरचे निर्धास्त होतात. म्हणून नियम असा: या गोळ्या घेणाऱ्याचं जेवण सुटलं, उलट्या-जुलाब लागले, कडक उपास धरला किंवा ऑपरेशन ठरलं, की ती गोळी थांबवण्याबद्दल त्याच दिवशी डॉक्टरांना विचारायचं. श्वास खोल-जलद झाला असेल तर लघवीची कीटोन पट्टी तपासा आणि पट्टी नसली तर तपासत न बसता निघा.

वाटेत श्वास मंदावला आणि पेशंट गुंगीत गेला तर "बरं वाटतंय, झोप लागली" असं समजू नका. स्नायू थकले की भरपाई थांबते, आणि तिथून पेशंट फार लवकर ढासळतो.

किडनी निकामी झालेल्यांतही असाच श्वास लागतो. डायलिसिसची पाळी चुकली का, एवढं विचारा.

खाडीपल्याड

तिघांचेही मनापासून आभार. मशीनचं राहिलंच. आणि मोजण्याचं: पेशंटला सांगितलं की श्वास मोजतोय, की तो बदलतोच.

शहाळं

मशीन सध्या नको. जागेपणी ९५ असताना ऑक्सिजनने काही साधत नाही, मूळ दुखणं पाण्याचं आहे. वाडीत दमा-सीओपीडीचे (धुराने फुप्फुसं कायमची बिघडलेले) जुने पेशंट असतील, ज्यांनी आयुष्य चुलीपुढे किंवा विडीबरोबर काढलंय, त्यांना तर बेहिशेबी ऑक्सिजन धोक्याचा. त्यांच्यासाठी लक्ष्य ८८ ते ९२. त्यावर रेटून ९८ केलं की कार्बन डायऑक्साइड साठत जातो: आधी डोकेदुखी, मग झापड, हात पुढे धरले तर पंजे फडफडतात. आकडा छान दिसत असतो आणि पेशंट गुंगत जातो.

झोपेत श्वास थांबतो म्हणून कुणी मास्कचं मशीन विकायला आलं तर तेही परस्पर घेऊ नका. अॅडॅप्टिव्ह सर्वो व्हेंटिलेशन नावाच्या मशीनचा २०१५ साली प्रसिद्ध झालेला मोठा अभ्यास आहे. ईएफ ४५ किंवा त्याखाली आणि श्वास थांबणं मेंदूकडून, अशा पेशंटमध्ये मशीनवाल्या गटात हृदयाने होणारे मृत्यू वाढले. लय सुंदर झाली, माणसं मात्र जास्त गेली.

मोजण्यासाठी नाडी बघायचा बहाणा करा. मनगट धरून त्यांच्या पोटावर टेकवा, नजर घड्याळाकडे, आणि हाताला लागणारे उठाव मोजा. पूर्ण ६० सेकंद. पंधरा सेकंद मोजून चारने गुणायची सवय इथे घातक, कारण चेन-स्टोक्सच्या चढात पकडलं तर ४० येतील आणि थांब्यात पकडलं तर शून्य. लय अनियमित असेल तर दोन फेरे संपेपर्यंत मोजा.

मोठ्या माणसाला विश्रांतीत १२ ते २० ठीक. २१ ते २४ म्हणजे तासाभराने पुन्हा मोजा आणि कारण शोधा. २५ किंवा जास्त, नाहीतर ८ पर्यंत उतरलेला, दोन्ही तातडीचे.

घाटमाथा

प्राथमिक आरोग्य केंद्राच्या बाजूने लिहितो. वरची चर्चा घरात अंथरुणाला टेकलेल्या पेशंटची झाली. कोकणात श्वास बिघडण्याची चार कारणं अशी आहेत की माणूस काल धडधाकट होता.

मण्यार. रात्री जमिनीवर झोपलेल्याला चावते, दुखत नाही, सूज नाही, दाताच्या खुणा शोधूनही सापडत नाहीत. पहाटे पोटात कळ, घसा दुखतो, पापण्या जड होतात. लोक याला पित्त म्हणतात. श्वासाला इथे आवाज नसतो, धाप दिसत नाही. तो नुसता उथळ होत जातो, कारण स्नायूच लुळे पडत असतात. ऑक्सिमीटर फार उशिरा पडतो. त्यापेक्षा भरवशाची परीक्षा म्हणजे एका श्वासात आकडे मोजायला लावणं: पूर्ण श्वास घेऊन, साध्या बोलण्याच्या आवाजात, सेकंदाला साधारण दोन. धट्टाकट्टा माणूस सहज ४० च्या आसपास जातो. २० पर्यंतही पोचत नसेल तर श्वास द्यायची तयारी ठेवा. दर पंधरा मिनिटांनी पुन्हा मोजून घ्या आणि वेळेसह लिहा. ३२, मग २४, मग १७ अशी उतरण कुठल्याही वर्णनापेक्षा जास्त सांगते. उताणं झोपवून मान उशीवरून उचलायला सांगा. उचलली नाही तर ती गंभीर खूण. लाळ गिळता येत नसेल तर डाव्या कुशीवर न्या, तोंडाने पाणी नाही, औषध नाही. आवळून बांधणं, चिरणं, चोखणं, गावठी जडीबुटी, सगळं बंद.

आपल्याकडची सापाच्या विषावरची लस नाग, मण्यार, घोणस, फुरसं या चौघांवर चालते, साप ओळखायची वाट बघू नका. पण मण्यारीच्या विषाने मज्जातंतूंच्या टोकांना इजा झाली की लस ती भरून काढत नाही. ती भरेपर्यंत माणूस जगतो तो हाताने दाबायच्या पिशवीने (अँबू बॅग) किंवा व्हेंटिलेटरने दिलेल्या श्वासावर. १०८ ला फोन करतानाच "मण्यारीचा संशय, श्वास उथळ, अँबू बॅग लागेल" असं सांगा.

लाल विंचू. इथे उलटं आहे: नुसतं असह्य दुखत असेल तर धोका त्यामानाने कमी. अंग घामाने भिजतंय, हातपाय गार, उलट्या, आणि मग श्वास वाढत जाऊन खोकला, फेस, तर हृदयावर परिणाम झाला आणि फुप्फुसात पाणी भरतंय. प्राझोसिन लवकर मिळालं तर हे टळतं. महाडच्या डॉ. हिंमतराव बावस्करांनी याच भागात काम करून ही उपचारपद्धत रुजवली. लहान मुलांत तासा-दोन तासांत चित्र पालटतं, "उतरेल" म्हणून घरी ठेवू नका.

फवारणी. मोहोराच्या दिवसांत तुडतुड्यांसाठी बागा फवारतात. ऑरगॅनोफॉस्फेट गटातलं औषध अंगावर गेलं की डोळ्याची बाहुली टाचणीच्या टोकाएवढी, लाळ, घाम, डोळ्यांत पाणी, छातीत बुडबुड्यांचा आवाज, पोटात मुरडा. कपडे काढा, साबणाने अंग आणि केस धुवा, धुणाऱ्याने हातमोजे किंवा प्लास्टिकच्या पिशव्या घालाव्यात. ओकारी काढू नका. बाटली किंवा तिचं लेबल सोबत न्या. यातला खरा सापळा नंतरचा आहे: उपचाराने बरा दिसणारा पेशंट एक ते चार दिवसांच्या दरम्यान पुन्हा मानेने आणि श्वासाने लुळा पडू शकतो. "घरी बरं वाटेल" म्हणून दुसऱ्या दिवशी सही करून नेऊ नका. घरी नेलाच असेल तर वरची एका श्वासातली मोजणी इथेही करा.

लेप्टो, म्हणजे लेप्टोस्पायरोसिस. लावणीच्या चिखलात उतरलेल्याला ताप, पोटऱ्या दाबल्यावर ठणका, डोळे लाल. तापात श्वास थोडा वाढतोच. पण श्वास २५-३० कडे गेला, खोकला लागला किंवा थुंकीत रक्ताची रेघ दिसली तर फुप्फुसात रक्तस्राव सुरू झाला असेल. हा चोवीस तासांत पेशंट घेऊन जातो. अशा वेळी मधल्या छोट्या दवाखान्यात सलाईन लावून रात्र काढण्यात अर्थ नाही, व्हेंटिलेटर असेल तिथेच जा. सिंधुदुर्गातल्या दक्षिणेकडच्या गावांना त्यासाठी गोव्यातलं बांबोळीचं मेडिकल कॉलेज जवळ पडतं.

सुरंगी

एक विचारते. कॉलेजातल्या मुलींना परीक्षेच्या वेळी भराभरा श्वास लागतो, बोटं वाकडी होतात. कागदी पिशवीत श्वास घ्यायला लावतात ते बरोबर का?

रातांबा

पिशवी नको. तोंडाभोवती आणि बोटांना मुंग्या, बोटं आखडणं, मधूनच मोठा उसासा, हे घाबरून होतं तसं कुसमाउलमध्ये आणि फुप्फुसातल्या रक्ताच्या गाठीतही घाईघाईत तसंच भासू शकतं, आणि तिथे पिशवीने ऑक्सिजन आणखी उतरतो. समोर बसून श्वास सोडायला लांबवा: चार आकडे आत, सहा-आठ आकडे ओठ चंबू करून बाहेर. दहा-पंधरा मिनिटांत उतरतं. आणि एक साखर बघा. "टेन्शन" म्हणण्याआधी तेवढं करायला एक थेंब रक्त लागतं.

काजूबी

मुलांचे आकडे कुणी दिले नाहीत. आशाताईंना प्रशिक्षणात शिकवतात ते असे: दोन महिन्यांखालच्या बाळाला मिनिटाला ६० किंवा जास्त, दोन महिने ते एक वर्षापर्यंत ५० किंवा जास्त, एक ते पाच वर्षांत ४० किंवा जास्त, म्हणजे जलद श्वास. बाळ रडत नसताना, दूध पीत नसताना, झबलं वर करून, पूर्ण मिनिटभर. मोजताना आकडा चुकत असेल तर प्रत्येक श्वासाला एक चिंचोका वाटीत टाका, मग वाटी मोजा. दोन महिन्यांखालच्या बाळाचा आकडा जास्त आला तर पुन्हा एकदा मोजून खात्री करा.

आकड्याइतकंच छातीकडे बघा. श्वास आत घेताना बरगड्यांची खालची कड आत ओढली जाते का? नाकपुड्या फुलतात का? श्वास सोडताना कण्हतं का? कण्हणारं बाळ "रडकं" नसतं, ते फुप्फुस उघडं ठेवायला हवा अडवून धरत असतं. यातलं काहीही दिसलं, दूध सुटलं किंवा बाळ उठतच नसलं, तर लगेच. बिब्ब्याचे किंवा तापलेल्या सळईचे डाग देऊन वेळ घालवू नका. नवजात बाळ मात्र झोपेत पाच-दहा सेकंद थांबून पुन्हा श्वास घेतं, रंग बदलत नाही, ते चालतं. वीस सेकंद थांबणं किंवा निळं पडणं चालत नाही.

आणि आत घेताना कर्कश आवाज, तोही जेवताना अचानक सुरू झालेला, म्हणजे घशात काहीतरी अडकलंय. शिटी श्वास सोडताना वाजते ती दम्याची. दम्याच्या मुलाची शिटी अचानक बंद झाली पण मूल थकलेलंच आहे, तर हवा आत जाणंच थांबतंय. शांतता बघून खूश होऊ नका.

खाडीपल्याड

आज सकाळी आजोबांचं वजन केलं. मागच्या भेटीच्या कागदावर ५८ आहे, आज ६१.२. पायाला खड्डा राहतो. डब्यात डायक्लोफेनॅकची अर्धी संपलेली पट्टी निघाली, बिब्बा बरोबर होते. डॉक्टरांशी बोलणं झालं, टॉरसेमाइड वाढवलंय, उद्या दुपारी रक्त तपासणी आणि भेट. आगळाची बाटली आजींनी शेजारी देऊन टाकली.

एक शेवटचं. घरी कुणी कोसळला आणि मधूनच श्वास घेतोय असं दिसलं, तर थांबून बघायचं की छाती दाबायची?

रातांबा

छाती दाबायची. हाक मारून, खांदे हलवून प्रतिसाद नाही आणि श्वास मिनिटाला दोन-चार, जबडा उघडल्यासारखा, मासा पाण्याबाहेर तोंड उघडतो तसा, छाती मात्र नीट उचलली जात नाही, तर तो श्वास धरायचाच नाही. हृदय थांबल्यावर पहिली काही मिनिटं असे आचके येतात. "अजून श्वास आहे" म्हणत लोक पाणी शिंपडत बसतात आणि तीच मिनिटं जातात. पलंगावरून जमिनीवर घ्या, छातीच्या मध्यावर तळहाताचा मनगटाजवळचा भाग, पाच-सहा सेंटिमीटर खोल, मिनिटाला १०० ते १२०, दर दोन मिनिटांनी माणूस बदला. दुसऱ्याने १०८ लावून फोन स्पीकरवर ठेवावा.

हे आणि आयुष्याच्या अखेरीला लागणारी घरघर यांत गल्लत नको. कॅन्सरचा किंवा अतिवृद्ध पेशंट, घरच्यांनी आणि डॉक्टरांनी मिळून घरीच ठेवायचं ठरवलेलं, त्यालाही चेन-स्टोक्ससारखा श्वास लागतो, लांब थांबे येतात, घशात स्राव वाजतो. तिथे कुशीवर वळवणं, तोंड ओलं ठेवणं, पंख्याचा वारा चेहऱ्यावर येऊ देणं पुरतं. आवाज ऐकणाऱ्यांना जास्त त्रासदायक असतो, पेशंट बहुधा त्या जाणिवेच्या पलीकडे असतो. पण हे आधी ठरलेलं आणि कागदावर असलं पाहिजे. त्या रात्री अंगणात जमलेल्या वीस जणांच्या मतांवर नको.

शहाळं

वजनाचा आकडा बघून बरं वाटलं. म्हणजे कारण सापडलं. टॉरसेमाइड वाढवल्यावर रक्तात पोटॅशियम, सोडियम, क्रिएटिनिन बघायला सांगा. वजन रोज अर्धा ते एक किलो उतरायला हवं. त्याहून झपाट्याने उतरलं, उभं राहताना चक्कर आली किंवा लघवी कमी झाली तर डोस जास्त होतोय. डापाग्लिफ्लोझिनबद्दल रातांबांनी लिहिलेला नियम फ्रिजवर चिकटवा.

उद्याच्या भेटीसाठी आज रात्री मोबाईलवर व्हिडिओ घ्या. झोप लागून तासभर झाला की, सदरा वर करून, बाजूने, छाती आणि पोट दोन्ही दिसतील असा, विजेरी भिंतीवर टेकवून. तीन मिनिटं तरी हवा, म्हणजे दोन पूर्ण फेरे येतील. पेशंटशेजारी सेकंदकाटा असलेलं घड्याळ ठेवा. फाईल मोठी झाली तर व्हॉट्सॲपवर डॉक्युमेंट म्हणून पाठवा; तेवढं नेट नसेल तर फोनच घेऊन जा.